कालचंच लुगडं

मोनाचा फोन आला तेव्हा मी गिरणीच्या दारात ज्वारीचा डबा घेऊन उभी होते. राजारामपुरीतली आमची ही गिरणी म्हणजे आवाजाचा कहर. मी तिला दोनदा "जोरात बोल" म्हणाले आणि मग ती खरोखरच ओरडून बोलली. "ताई, आत्ती गेल्या वो सोमवारी. पुढल्या शुक्रवारी बारावं हाय. घरात लावाय फोटो पायजे, तुमच्याकडला एक चांगलासा पाठवा की." आत्ती म्हणजे तिची सासू, हुपरीची झुंबरबाई. चांदीच्या पैंजणांच्या कड्या जोडत पंचेचाळीस वर्षं एका खिडकीखाली बसलेली बाई, आणि गेली तीन वर्षं माझ्या फिल्मची एकमेव... पात्र म्हणायला मला आवडत नाही, पण दुसरा शब्दही सापडलेला नाही. बातमी आणि मागणी एकाच दमात आल्या, त्यामुळे आधी कशाला उत्तर द्यायचं तेच कळेना. मी विचारलं, कशानं? ती म्हणाली, झोपेतच. मला सोमवारी का नाही कळवलं, असं विचारल्यावर म्हणाली, "गडबडीत ऱ्हाऊन गेलं बघा." मग मी म्हणाले, "एक काय, दहा पाठवते." गिरणीवाल्याने डबा पुढे ओढत "बारीक का जाड?" विचारलं, मी "बारीक" म्हणाले. गरम पिठाचा डबा पोटाशी धरून घरी आले, ओट्यावर ठेवला, हात झटकले, आणि तेव्हा कुठे लक्षात आलं की माझ्याकडे तिचा एकही फोटो नाही.

एकही म्हणजे एकही. एकसष्ट तासांचं चित्रण आहे, तीन हार्ड डिस्कवर तारखांसकट नीट लावलेलं, आणि त्यात आहेत झुंबरबाईंचे हात. मनगटापासून बोटांच्या टोकांपर्यंत. डाव्या अंगठ्यावरचा भाजल्याचा पांढरा डाग, उजव्या तर्जनीला चिमट्याने पडलेला घट्टा, कडीत कडी अडकवताना क्षणभर थबकणारी करंगळी. फिल्मचं नाव 'कड्या'. अठ्ठ्याहत्तर मिनिटं. निवेदन नाही, मुलाखत नाही, संगीत नाही, चेहरा नाही. प्रयोगशील माहितीपट म्हणतात याला. आमच्या दादांनी, म्हणजे वडिलांनी, पहिल्यांदा बघितली तेव्हा वीस मिनिटांनी विचारलं, "कॅमेरा चालू ठिवून च्या प्यायला गेलतीस व्हय गं?" मी दोन दिवस त्यांच्याशी बोलले नव्हते. बाहेरच्या लोकांना मात्र ती आवडली. फेस्टिव्हलमध्ये फिल्म संपली की कुणीतरी विचारतंच, चेहरा का नाही? आणि माझं उत्तर ठरलेलं: "तो तिचा नकार होता. तिला दिसायचं नव्हतं. मी तो नकार जपला." हे मी अकरा ठिकाणी बोलले आहे, आणि प्रत्येक ठिकाणी सभागृह थोडा वेळ गप्प झालं आहे. ती शांतता मला आवडते, हे कबूल केलेलं बरं.

मला चेहऱ्यांचा राग आहे असं नाही. पण या गावात चेहऱ्यांचा सुकाळ झालाय. कुठल्याही चौकात उभं राहा. वाढदिवसाचा डिजिटल फलक, निवडीचा डिजिटल, तालमीचा डिजिटल, गॉगल लावलेली सत्तावीस तोंडं आणि खाली शुभेच्छुक म्हणून आणखी चाळीस. मेलेला माणूसही सुटत नाही, त्याचं तोंड श्रद्धांजली म्हणून सिग्नलला पंधरा दिवस लटकतं. आणि माझ्या मनात त्याहून जुनं एक कुसळ आहे. आमच्या घरी, बुद्ध आणि बाबासाहेबांच्या तसबिरींशेजारी, दादांच्या आईचा, यल्लव्वाआजीचा फोटो आहे. जांभळा शालू, गळ्यात टपोरा हार, मांडीवर एकमेकांवर ठेवलेले गोरे, गुबगुबीत हात. आजी हातकणंगल्याच्या शिवारात लोकांचा ऊस भांगलून म्हातारी झाली. अकरा वर्षांची असताना मी दादांना विचारलं, तो हार कुठाय? दादा हसले. "खुळे, हार कुठला. तोंड तेवढं तिचं हाय. अंग स्टुडिओवाल्याचं." तेही मी गिळलं असतं. पण पुढच्याच आठवड्यात वर्गातल्या क्रांतीच्या घरी गेले तर तिथे भिंतीवर तिची आजी: तोच शालू, तोच हार, आणि तेच हात. दोन म्हाताऱ्यांना एकच हात. मी त्या घरात पाणीसुद्धा न पिता परत आले. माणूस भेटला की आधी त्याच्या हातांकडे बघायची सवय मला तेव्हापासून लागली. पुढे पुण्याला फिल्मचं शिकताना मी यालाच माझी भूमिका वगैरे म्हणू लागले.

संध्याकाळी मी मोनाला उलटा फोन केला. म्हटलं, तुमच्याकडे काहीच नाही का, मोबाईलमध्ये, लग्नाच्या अल्बममध्ये? ती म्हणाली, लग्नात आत्ती आहेत, पण अक्षता टाकताना, हात तोंडावर आडवा आलाय. आधारवरचा आहे, "पर त्यात त्या चोरावानी दिसत्यात वो, धरून आणल्यागत." मोबाईलमध्ये? मोबाईलमध्ये बैलाचे आहेत, पोराचे आहेत. "आत्तींचं काढायचं तर आमीच म्हणायचो, तीन वर्सं ताईंचा एवढा मोठा कॅमेरा घरात हाय, आपल्या मोबाईलचं फोटो काय करायचं?" ती हे तक्रार म्हणून सांगत नव्हती. उलट तिच्या आवाजात एक निवांतपणा होता. "स्टुडिओवाला पिराजी मंगळवारपतोर द्या म्हणालाय. सवडीनं बघा, चांगला निवडा." मी "बघते" म्हणाले.

मग मी बघू लागले. शुक्रवार, शनिवार, रविवार. सकाळी दहाला खिडकीचा पडदा ओढून बसायचं आणि तीन वर्षं दुप्पट वेगाने पळवायची. माझ्याच फिल्मचा मला एवढा वीट कधी आला नव्हता. प्रत्येक शॉट टाळीने सुरू होतो. मी एकटीच काम करते, कॅमेरा वेगळा, आवाजाचं यंत्र वेगळं. नंतर दोन्ही जुळवायला सुरुवातीला एक टाळी लागते. ती टाळी मी झुंबरबाईंनाच वाजवायला शिकवली होती. त्या चिमटा खाली ठेवायच्या, कॅमेऱ्यापुढे दोन्ही हात धरायच्या, एक टाळी, आणि मग चौकटीबाहेरून आवाज: "वाजली का?" मी म्हणायची, "वाजली." तीनशेचाळीस शॉट, तीनशेचाळीस टाळ्या. दुप्पट वेगात ते "वाजली का" चिमणीसारखं ऐकू यायचं आणि दर वेळी मला उठून जावंसं वाटायचं. कुठेतरी तोंड आलं असेल. वाकताना, शिंकताना, उठताना. उठताना पदर दिसतो. वाकताना डोईचा भांग, पांढरा, सरळ. एकदा चहाचा कप वर जातो आणि चौकटीच्या काठावर हनुवटी दिसते, तीळ असलेली. तो तीळ बघून मी थांबले. तिच्या हनुवटीवर तीळ होता हे मला माहीत नव्हतं. तीन वर्षं, आठवड्यातून दोनदा हुपरीची बस, तिच्या हातची भाकरी खाल्लेली, आणि तीळ माहीत नव्हता. मी डोळे मिटून तिचा चेहरा आठवायला गेले. अंगठा आठवला, डाग आठवला, खिडकीतून पडणारा उजेड कुठल्या वेळी कड्यांवर येतो ते मिनिटासकट आठवलं. चेहऱ्याच्या जागी मोनाचा चेहरा येत होता, नाहीतर आमच्या यल्लव्वाआजीचा. मी कुणावर चिडले होते कोण जाणे, पण चिडले होते. आई जेवायला हाक मारायला आली तर तिच्यावर खेकसले. आई म्हणाली, "एवढी वैतागतीस तर सांग की त्यांना, न्हाई म्हणून." तिला काय जातं सांगायला.

खरं म्हणजे आधार होता तो त्या नकाराचा. तिलाच नको होतं, ती स्वतःच नाही म्हणाली होती, असं मोनाला सांगितलं की विषय संपत होता. यात माझी चूक कुठे? म्हाताऱ्या बाईची इच्छा. फक्त ती नेमकं काय म्हणाली होती ते एकदा ऐकून घ्यावं, म्हणजे मोनाला ऐकवताही येईल, असं माझ्या मनात आलं. सोमवारी दुपारी मी आवाजाच्या फायली उघडल्या. आवाजाचं यंत्र मी नेहमी कॅमेऱ्याच्या आधी चालू करते आणि कॅमेऱ्यानंतर बंद करते. म्हणजे प्रत्येक फायलीच्या शेवटी मिनिट-दोन मिनिटं असतात ज्यांना चित्र नाही. संकलनात ती शेपटं मी कधीच ऐकली नव्हती. चित्र नाही तर काय करायचं त्याचं? पहिल्या वर्षीचा मार्च महिना होता हे मला पक्कं आठवत होतं, कारण बाहेर रस्त्यावरून उसाच्या ट्रॉल्या जात होत्या आणि त्यांच्या गाण्यांमुळे मी वैतागले होते.

सापडलं. आधी ट्रॉलीचं गाणं, मग ते लांब जाणं, मग तिचा आवाज, अगदी यंत्राजवळ. "झालं व्हय? तोंड आलं का गं त्यात माझं?" मी: "नाही मावशी, काळजी करू नका." आणि मग ती म्हणते, "काळजी न्हवं गं. आज नगंच. डोस्कं बघ कसं झालंय, चुलीपासनं तशीच उठून आलेय. उद्या न्हाते, चांगलं लुगडं नेसते, मग घे तोंडाचं. एक धड फोटो न्हाई बघ माझा." आणि मी म्हणते, "हो हो." माझं ते "हो हो" मी सहा वेळा ऐकलं. त्यात दुसरीकडे लक्ष असलेल्या माणसाचा सूर आहे. बहुतेक मी वायर गुंडाळत होते. तिचं पहिलं अर्धं वाक्य तेवढं माझ्या कानात शिरलं आणि बाकीचं बाहेरच राहिलं. "आज नगंच." अकरा सभागृहांत मी जपलेला नकार तो एवढाच.

दुसऱ्या दिवशीचं चित्रण शोधायला वेळ लागला नाही. मी फार शिस्तीची आहे, टाकून देण्याजोगंही टाकत नाही. 'बाद' नावाच्या फोल्डरमध्ये ठेवते आणि फायलीला कारण लिहिते. फायलीचं नाव होतं 'बाद, रंग'. एकोणीस सेकंद. मांडीवर ठेवलेले हात, धुतलेले, नखांतली काळी रेघसुद्धा काढलेली. हिरव्या नव्या बांगड्या. मांडीवर चिंतामणी रंगाचं लुगडं, तांबडे काठ, घडीच्या खुणा अजून न गेलेल्या. चिमटा नाही, कड्या नाहीत, टाळी नाही. हात काहीच करत नाहीत, नुसते बसलेत, शाळेत फोटोच्या दिवशी पोरं बसतात तसे. मग माझा आवाज येतो. रागाचा नाही, प्रेमळच आहे, तेच जास्त लागलं. "अगंबाई, मावशी, हे काय? कालचंच लुगडं नेसा ना. मॅच होत नाही." हात थोडा वेळ तसेच राहतात. उजवा हात काठावरून एकदा फिरतो. चौकटीबाहेरून "बरं" ऐकू येतं. मग हात वर उचलले जातात, लुगडं वर उचललं जातं, आणि रिकामी सतरंजी उरते. पुढे मी चार सेकंद सतरंजी घेतली आहे, उजेड तपासायला. त्यानंतरची फाईल अर्ध्या तासाने सुरू होते, कालचं विटकं लुगडं, चिमटा, टाळी, "वाजली का?" मी म्हणते, "वाजली." तोंडाचं घ्यायची गोष्ट तिने पुन्हा काढली नाही. मीही नाही.

मंगळवारी मी हुपरीला गेले. बसने नाही, स्कूटरवरून, म्हणजे वाटेत बोलायची तयारी करता येईल. पण वाटेत सगळा ऊस. एका ट्रॉलीमागून दुसरी, दोन-दोन किलोमीटर त्यांच्या मागे रांगत जायचं, आणि ट्रॉलीवरचा कर्णा कानात. मनात जुळवलेली वाक्यं दर ट्रॉलीमागे विस्कटत होती. पहिल्यांदा ठरवलं, नकाराची गोष्ट सांगायची, निदान अर्धी तरी. मग ठरवलं, सगळं खरं सांगायचं. मग वाटलं, खरं सांगून तिला काय मिळणार, मला तेवढं हलकं वाटेल. स्टँडजवळच्या पिराजीच्या स्टुडिओत मोना आधीच येऊन बसली होती. मला बघून उठली, हात धरला. "लई धावपळ झाली न्हवं तुमची?"

पिराजी संगणकापाशी होता. पडद्यावर शालू नेसलेलं एक अंग, मानेच्या वर नुसतं पांढरं. "या ताई," तो म्हणाला, "अंग तयार हाय आमचं. तोंड तेवढं द्या." मांडीवर ठेवलेले गोरे, गुबगुबीत हात. मी ते ओळखले. तीस वर्षं झाली, त्या हातांना सुरकुतीसुद्धा पडली नव्हती.

"तोंड नाही माझ्याकडे," मी म्हणाले.

मोनाला वाटलं मी पेन ड्राईव्ह विसरले. "मग आता कुणाला लावून दिऊया आणाय?"

"विसरले नाही. मी काढलंच नाही कधी. सगळं हातांचं आहे."

मोनाला राग आला असता तर मला सोपं गेलं असतं. "हातांचं?" ती म्हणाली. "तीन वर्सं?" मग, खरंच समजून घ्यायचं आहे अशा आवाजात, "आत्तीच्या हातात काय बघायचं हुतं वो?" मी अकरा ठिकाणी या प्रश्नाचं उत्तर दिलं आहे, मोठमोठ्या लोकांना. मी पर्समधून डिस्क काढली, म्हणाले, पिराजी, निदान हे हात तरी तिचे लाव, माझ्याकडे हवे तेवढे आहेत, अंगठ्यावरच्या डागासकट. पिराजीने मोनाकडे बघितलं. मोना हळूच म्हणाली, "नगं ताई. डाग कशाला भिंतीवर? ऱ्हाऊ द्या हेच हात. जरा बरं दिसतंय."

मग आधारचंच तोंड घ्यायचं ठरलं. पिराजीने ते मोठं केलं, नाकाजवळचा काळपटपणा पुसला, कपाळाला कुंकू लावलं. घाबरलेली, कॅमेऱ्याला नजर देणारी एक म्हातारी. मी तिला पहिल्यांदाच बघत होते. तीळ होता. पिराजी तो पुसायला निघाला तेव्हा मी म्हणाले, "तो राहू दे." मोनानेही मान हलवली. डोकं मानेवर बसलं. "शालूचा रंग कुठला ठिवू?" पिराजीने विचारलं. "जांभळा हाय, हिरवा हुतोय, मोरपंखी हुतोय." मोना विचार करत होती.

"चिंतामणी," मी म्हणाले. "तांबडे काठ."

मोना गर्रकन माझ्याकडे वळली आणि आल्यापासून पहिल्यांदा तिचा चेहरा उजळला. "व्हय की वो. तुमच्या ध्यानात हाय व्हय? त्या लुगड्याची घडी आत्तींनी तुमच्या शूटिंगलाच मोडली. त्येच्या आधी न्हाई का त्येच्या मागनं न्हाई. सगळ्या गल्लीत सांगिटलतं त्यांनी, चिंतामणी लुगड्यात माझं तोंड घेतलंय पोरीनं, सिनेमात येणार म्हणून. परवा जाताना तेच नेसवलं आमी त्यास्नी." ती पदराने डोळे टिपू लागली. "आमी वाटच बघत हुतो, कवा दाविशिला म्हणून."

स्टुडिओत पंखा फिरत होता. पिराजी शालूचा रंग बदलू लागला. पहिल्यांदा निळसर झाला, मग फार गडद. मी म्हणाले, एवढा नाही, थोडा फिका. काठ आणखी तांबडे. घडीच्या खुणा होत्या, पण त्या नसल्या तरी चालतील. तो निमूटपणे माऊस हलवत होता, मी सांगत होते, मोना दोघांकडे आळीपाळीने बघत होती. शेवटी त्याने खुर्ची मागे सारली आणि पडदा माझ्याकडे वळवला.

"बघा ताई," तो म्हणाला. "मॅच हुतंय का?"

मी बराच वेळ बघितलं. "होतंय," म्हणाले.